दालमिलमागची टीम

मी लातूरच्या कॉलेजात क्रीडाशिक्षिका म्हणून रुजू झाले तेव्हा प्राचार्यांनी विचारलं होतं, "सॉफ्टबॉल म्हणजे मऊ चेंडूचं क्रिकेटच ना, मॅडम?" चेंडू मऊ नसतो, लागला तर काळानिळा वळ उठतो, असं मी सांगितलं. ते हसले. "करा काय करायचं ते. पोरींना तेवढाच व्यायाम."

मी मूळची मुदखेडची. वडील रेल्वेत होते. मी नांदेडला शिकायला गेले तेव्हा हा खेळ पहिल्यांदा पाहिला. खेळाडू म्हणून मी बेताचीच, पण दुसरीचा हात कुठं चुकतोय ते मला लगेच दिसायचं. तेवढ्या भांडवलावर मी सगळी नोकरी काढली.

कॉलेजचं मैदान दालमिलच्या मागे होतं. तुरीचा हंगाम सुरू झाला की टरफलाची धूळ मैदानभर बसायची आणि पोरी खोकत खोकत पळायच्या. बेस म्हणून आम्ही बारदानाच्या घड्या ठेवायचो. हातमोजे सगळ्यांना पुरायचे नाहीत. बॅटिंगला जाणारी आपला मोजा काढून समोरच्या बाजूच्या पोरीच्या हातात द्यायची, फिल्डिंगची पाळी आली की परत घ्यायची. बहुतेक वर्षी आम्ही पहिल्या सामन्यातच हरून परत यायचो. एखादी पोरगी जरा तयार झाली की तिचं लग्न ठरायचं, नाहीतर घरचे क्लासला घालायचे. पुन्हा पहिल्यापासून, चेंडू कसा धरायचा इथून.

अशात ती आली. शिरूर अनंतपाळकडच्या एका खेड्यातून रोज एसटीनं ये-जा करायची. पहिल्या वर्षाला होती. गाडी चुकते म्हणून खेळाच्या तासाला सुट्टी द्या, असं सांगायला मैदानावर आली होती. तेवढ्यात एक चेंडू घरंगळत तिच्या पायाशी आला. मी म्हटलं, "टाक इकडं." तिनं ओढणी सावरत खालूनच हात फिरवला. चेंडू माझ्या तळहातावर असा बसला की मला बोटं झटकावी लागली.

"गाडीचं बघू," मी म्हटलं. "उद्यापासून बूट घालून ये."

खांद्यातून पुरा हात फिरवायचा आणि कमरेजवळ चेंडू सोडायचा, हे शिकायला इतर मुलींना वर्ष जायचं. तिला तो हिवाळा पुरला. तिचे चेंडू झेलणारी कॅचर रोज बोटं चोळत घरी जायची.

काही महिन्यांनी तिचे वडील आले. कपाळावर भस्माचे पट्टे, हातात पिशवी. आडतीवर सोयाबीन घालून तसेच आले होते. मिलच्या भिंतीशी उभे राहून त्यांनी लेकीचा सगळा सराव पाहिला. मग मला म्हणाले, "मॅडम, गावात लोक हासतेत. पोरगी वाऱ्यात हात फिरवत हिंडती म्हणतेत. ह्यातनं फुडं काय हाय?"

"विद्यापीठाच्या टीममध्ये जाईल. पुढं शिकली तर माझ्यासारखी कॉलेजात लागेल."

"तुमच्यावानी?" त्यांनी माझ्याकडं नीट पाहिलं. "मग शिकवा. तुमच्यावानी झाली तर लई झालं."

तेव्हा जागा निघायच्या, माणसं लागायची. मला ते बोलताना काही वेगळं वाटलं नाही.

तिच्या शेवटच्या वर्षी आम्ही नांदेडला आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा जिंकलो. आमच्याकडं चेंडू टाकणारी दुसरी पिचर नव्हतीच, त्यामुळं सगळ्या सामन्यांत चेंडू तिनंच टाकले. अंतिम सामन्यात शेवटच्या डावापर्यंत तिचा खांदा इतका भरून आला होता की दोन चेंडूंच्या मध्ये ती हात पोटाशी धरून उभी राहायची. मी आत जाऊन विचारलं, "बदलू का?"

"कुणाला बदलताव मॅडम?" ती म्हणाली. "हाय का कुणी?"

समोरची शेवटची बॅट्समन हवेत बॅट फिरवून बाद झाली आणि आमच्या पोरी धावत तिच्या अंगावर पडल्या. ती खालून ओरडत होती, "खांदा, खांदा!" परतीच्या एसटीत कंडक्टरनं आम्हाला बक्षीस मिळालेली ढाल मांडीवर घेऊन पाहिली आणि विचारलं, "ह्यो कुठला खेळ म्हणायचा?"

दुसऱ्या दिवशी कॉलेजात डॉक्टरकीच्या प्रवेश परीक्षेत चमकलेल्या मुलांचा सत्कार होता. दारात रांगोळी, फलकावर फोटो. ढाल घेऊन मी प्राचार्यांच्या खोलीबाहेर बराच वेळ उभी राहिले. ते घाईत बाहेर आले. "वा, वा. पुढच्या आठवड्यात घेऊ तुमचा कार्यक्रम." तो आठवडा काही आला नाही. ढाल कार्यालयातल्या लोखंडी कपाटावर गेली.

ती मात्र ठरवल्याप्रमाणं पुढं शिकली. बी.पी.एड. केलं, एम.पी.एड. केलं, सेट पास झाली आणि माझ्याच हाताखाली तासिका तत्त्वावर लागली. दरवर्षी नवी नेमणूक, उन्हाळ्यात पगार नाही. मला आनंद झाला होता. मी निवृत्त होईन तेव्हा माझ्या जागी ही, असं मी सगळ्यांना सांगत असे. तिला स्थळं यायची, तिचे वडील म्हणायचे, "नोकरी लागू द्या." वर्षं गेली, स्थळं यायची थांबली. बाजारच्या दिवशी ते मला भेटत, पण आता सोयाबीनच्या भावाचं बोलत. नोकरीचा विषय दोघंही काढत नसू.

मधल्या काळात मैदान गेलं. आधी मिलच्या बाजूला परीक्षेसाठी हॉल उभा राहिला, मग उरलेल्या भागात गाड्या लागू लागल्या. नवे प्राचार्य समजावणीच्या सुरात म्हणाले, "मॅडम, मैदान बघून कुणी ॲडमिशन घेत नाही." खोटं नव्हतं ते. मुलींची नावं कॉलेजात असत आणि मुली दिवसभर क्लासला. आम्ही दोघी वर्गावर्गात जाऊन टीमसाठी मुली मागायचो. एकीनं सरळच विचारलं, "ह्याचे मार्क मिळतेत का?"

माझ्या नोकरीच्या शेवटच्या वर्षी स्पर्धा पुन्हा नांदेडला होती. मैदानात उतरायला लागतात तेवढ्या नऊ जणी कशाबशा जमवल्या. पहाटे बसस्टँडवर आठच आल्या. नववीचा फोन लागेना. गाडी सुटायच्या वेळी तिच्या आईचा फोन आला, "क्लासमधी टेस्ट हाय म्हणं, न्हाई येत ती." तरी आम्ही गेलो. का गेलो ते आता सांगता येत नाही. तिथं एखादी भेटेल असं वाटलं असेल.

पंच ओळखीचे होते. त्यांनी आम्हाला थोडा वेळ दिला. आठ पोरी कॉलेजची जर्सी घालून उन्हात रांगेत उभ्या होत्या. माझी जुनी पिचर माझ्याजवळ आली. डोक्याचे केस पुढून पांढरे व्हायला लागले होते तिचे.

"मी उतरू का मॅडम?"

ती हसत होती, म्हणून मीही हसले. मग पाहिलं तर तिनं खरंच मोजा हातात चढवला होता.

"तुला चालत नाही गं," मी म्हटलं.

"म्हाईत हाय."

पंचांनी घड्याळ पाहिलं आणि समोरच्या टीमला विजयी घोषित केलं. पोरींना वाईट वाटल्यासारखं दिसलं नाही. दोघी-तिघींनी विचारलं, आता गुरुद्वारा बघायला जायचं का? आम्ही त्यांना घेऊन गेलो.

मी निवृत्त झाले. माझं पद भरायचं नाही असं ठरलं. खेळाचं काम भूगोलाच्या एका सरांकडं जादा म्हणून दिलं, आणि पुढच्या सत्रापासून तिला बोलावलंच नाही. मी संस्थेच्या अध्यक्षांना भेटले. त्यांनी चहा पाजला, माझ्या तब्येतीची चौकशी केली आणि जिन्यापर्यंत सोडायला आले.

आता ती एका क्लासच्या मुलींच्या वसतिगृहात रेक्टर आहे. परवा दुपारी तिला भेटायला गेले. दाराशी टेबल मांडून बसली होती. आत जाणारी प्रत्येक मुलगी तिच्याजवळ मोबाईल ठेवत होती. मला पाहून उठली, खुर्ची दिली. पाणी ओतताना तिनं डाव्या हातानं तांब्या उचलला.

"खांदा दुखतो?"

"वर जात न्हाई आता."

मी म्हटलं, "रविवारी पोरींना थोडं खेळवत जा ना. गच्ची मोठी आहे."

"खेळवलं होतं. मालकाकडं पालकांचे फोन आले, पोरींचं ध्यान उडायलंय म्हणून." टेबलावरचे मोबाईल नीट लावत म्हणाली, "आन पोरींना बी नको होतं मॅडम. खाली बसून वाचत होत्या. मीच एकली चेंडू घेऊन."

वडिलांचं विचारलं. अप्पा शेतात असतात म्हणाली, आता फार बोलत नाहीत. मग अभ्यासिकेची वेळ झाली. तिला वर जाऊन मुली मोजायच्या होत्या. "बसा, येते मी," असं म्हणून ती जिना चढली. मी बराच वेळ बसले. वरून तिचा आवाज येत राहिला, एकेक नाव घेत. ती काही लवकर खाली येईल असं दिसेना, म्हणून दारात झाडत असलेल्या बाईला निरोप सांगून मी रिक्षा केली आणि घरी आले.