न चावणारे मासे

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, माहेरी आईला नाही, आणि शाळेत डबा खाताना जिच्यापाशी मी सासरचं सगळं ओकते त्या मैत्रिणीलाही नाही. सहा वर्षं झाली. आता तुमच्यासमोर बसले तर सुरुवात कुठून करावी तेच कळेना — कारण ऐकायला हसू येईल अशी गोष्ट आहे. माशांची आहे. काचेच्या टाकीतल्या माशांची. तुम्ही म्हणाल, बाई, एवढ्यासाठी? जरा थांबा.

आमचं घर आदिलाबादला, स्टेशनपासून चालत दहा मिनिटांवर. समोरच्या खोलीतली टाकी माझ्या सासऱ्यांची. मी त्यांना मामाजी म्हणायची. रेव्हेन्यूत गिरदावर होते — गावोगाव फिरून जमिनीची पाहणी करणारे. मौक्यावर जाऊन आपल्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय त्यांनी उभ्या नोकरीत एका कागदावर सही केली नाही. रिटायर झाले तरी खोड गेली नव्हती. दूधवाला दूध घट्ट आहे म्हणाला तरी हे बोट बुडवून बघायचे.

टाकीत त्यांचा एकच मासा. गोल्डफिश, मुठीएवढा जाडा, म्हातारा. नाव तहसीलदार. का, तर “दिवसभर काईच करत नाही, आन जेवायच्या टायमाला बराबर हजर होते.” सकाळी उठले की बोटातली अंगठी काचेवर टकटक वाजवायचे, आणि हा लठ्ठोबा डुलत डुलत पुढे यायचा. सासूबाई गेल्यानंतर त्या घरात त्यांच्यासाठी वेळेवर पुढे येणारं तेवढंच कुणी होतं, असं आता वाटतं. तेव्हा काही वाटलं नव्हतं. मला घाईत साडेसातची बस पकडायची असायची.

कारण माझी शाळा महाराष्ट्राच्या सीमेकडच्या गावात होती, मराठी माध्यमाची, जायला एक तास आणि यायला दीड. मी विज्ञान शिकवते. पचनसंस्था, पेशी, चुंबक — आणि हो, मांजर आडवं गेल्यानं काही होत नाही, हेही मीच शिकवते. तर या विज्ञानाच्या बाईंना एका सहशिक्षिकेनं सांगितलं, ईशान्येच्या कोपऱ्यात लाल मासे ठेव, तुझी शहरात बदली होते की नाही बघ. मामाजींची टाकी नेमकी त्याच कोपऱ्यात होती. आणि बाई गेल्या. हसा तुम्ही. मीही हसतच गेले होते, पण गेले होते.

दुकानात पॅरट फिश होते. शेंदरी, फुगीर, आणि तोंड कायम अर्धवट उघडं, आत्ता काहीतरी बोलणार असं. मी विचारलं, हे दुसऱ्या माशाला त्रास देतात का? दुकानदार म्हणाला, “मॅडम, इसका तो मुँह ही बंद नहीं होता, काटेगा कैसे?” मला पटलं. जबडा मिटत नाही तर चावा बसणार कसा — किती शास्त्रीय वाटलं ते. मामाजींना विचारलं होतं मी आधी. ते नको म्हणाले होते. म्हातारा जीव आहे, एकट्याची सवय आहे त्याला, म्हणाले. मग ते भाच्याच्या मुलाच्या अक्षराभ्यासाला — सरस्वतीपुढे पहिली पाटी गिरवायला — दोन दिवस बासरला गेले, तेव्हा मी जोडी आणून टाकीत सोडली.

परत आले. टाकीपुढे बराच वेळ उभे राहिले. ओरडले नाहीत, त्यांचा तो स्वभावच नव्हता. एवढंच म्हणाले, “अधिकारी म्हातारा झाला का नव्या लोकाईले जोर येते, सूनबाई. मधात एक काच बसवून घे.” मी म्हटलं, रविवारी आणते.

तो रविवार पेपर तपासण्यात गेला. पुढचा एका डोहाळजेवणात. त्याच्या पुढच्या रविवारी मला काही काम नव्हतं. नुसता कंटाळा आला होता.

दोन गोष्टी सांगायला हव्यात, नाही तर पुढचं कळणार नाही. एक — मामाजींच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेले. टाकीत त्यांना रंगाचे ठिपके हलताना दिसत, बस. दुसरी — जिना चढताना त्यांच्या छातीत भरून यायचं, डावा हात जड पडायचा. इथल्या डॉक्टरांनी चिठ्ठी लिहून दिली होती की ताबडतोब नागपूरला जा, हृदयाची तपासणी करा. डोळ्याचं ऑपरेशनही त्यापायीच थांबलेलं. शुक्रवारच्या गाडीचं रिझर्वेशन झालं होतं. मामाजी घाबरले होते. इतकी गावं पालथी घातलेला माणूस नागपूर म्हटलं की विषय बदलायचा, पण जायला तयार झाला होता. हे लक्षात ठेवा. तयार झाला होता.

आणि त्याच दिवसांत पॅरटच्या जोडीनं कुंडीत अंडी घातली. टाकीत शोभेला मातीची एक लहान कुंडी आडवी ठेवलेली होती, तिच्यात. आधी त्यांनी तोंडानं खडे उचलून उचलून तिच्यापुढे खड्डा केला. मला कौतुक वाटलं, मोबाईलवर फोटोही काढला. मग पहारा सुरू झाला. एक आत, एक बाहेर. तहसीलदार नुसता वळला तरी बाहेरचा सरळ अंगावर जायचा. पहिल्या दिवशी शेपटीची झालर फाटली. दुसऱ्या दिवशी कुशीवरचे खवले गेले, आतलं पांढरं मांस दिसायला लागलं. चौथ्या दिवसापर्यंत तो वरच्या कोपऱ्यात तिरका उभा राहायला लागला होता. खाण्यासाठीही खाली येईना.

मी काय केलं? चहाचा कप घेऊन बघत बसायचे. खरं सांगते — मला धक्का बसायचा, आणि तरी नजर हटायची नाही. ते अर्धवट उघडं, भाबडं तोंड, आणि त्यानं एवढं? एकदा कुंडी काढून घ्यावी म्हणून हात घातला तर मादी थेट बोटावर आली. रक्त नाही आलं. खरखरीत कानस घासल्यासारखं झालं, बस. पण मी हात असा ओढून घेतला की पाणी फरशीभर झालं. नखाएवढ्या तोंडाला घाबरले मी. परत काही हात घातला नाही. हौदापाशी बादली रिकामीच होती. त्यात त्याला नुसतं उचलून ठेवलं असतं तरी भागलं असतं.

आणि रोज सकाळी मामाजी अंगठी वाजवायचे, कान देऊन थांबायचे आणि विचारायचे, “तहसीलदार पुढे काऊन येऊन नाही राह्यला? बरा हाये ना?”

“मजेत आहे, मामाजी. म्हातारा झाला, आळशी झाला.”

आठ दिवस हे उत्तर दिलं मी. पहिल्या दिवशी जीभ थोडी अडखळली होती. नंतर नाही.

बुधवारी मी उठले तेव्हा तो तरंगत होता. एक डोळा नव्हता. जोडी अजून खालून त्याला ढुसण्या देत होती, मेलेल्याला. मामाजी अजून उठले नव्हते. मी त्याला चहाच्या गाळणीनं काढलं, परसात नेलं आणि कढीपत्त्याच्या झाडाखाली पुरलं. ते झोपेतून उठायच्या आत. का? कारण माझ्या सासऱ्यांना मी ओळखत होते. डोळ्यांनी नसतं दिसलं, पण त्यांनी तो हातात घेतला असता, बोट फिरवलं असतं, आणि आठ दिवसांचं सगळं त्यांच्या बोटाला कळलं असतं. जन्मभर मौक्यावर जाऊन पाहणाऱ्या माणसासाठी मी मौक्यावर काही ठेवलंच नाही. माती सारखी करून हात धुतले आणि पोह्याला फोडणी दिली.

ते आले. अंगठी वाजवली. मी स्वयंपाकघरातून म्हटलं, मामाजी, तहसीलदार गेला.

“कसा गेला?”

आता इथे मी सहा वर्षं थांबते आहे. रोज इथपर्यंत येते आणि थांबते. चावून मारला त्याला, मी काच आणली नाही म्हणून — एवढं एक वाक्य होतं. काय झालं असतं? रागावले असते. दोन दिवस बोलले नसते. माझ्याबद्दल ते चारचौघांत सांगायचे, आमची सूनबाई लपवाछपवी करत नाही, ते सांगणं बंद झालं असतं. एवढंच. आणि तेवढंही मला नको होतं.

आमच्याकडे म्हणतात, तुम्हीही ऐकलं असेल, की पाळलेला मासा मेला तर तो घरावरचं संकट स्वतःवर घेऊन जातो. त्या दुकानदाराचं तर ते ठरलेलंच वाक्य. मासा मेला म्हणून गिऱ्हाईक भांडायला आलं की तो हेच सांगतो. ते माझ्या तोंडून आलं. ठरवून नाही, पण किती सहज.

“तुमचं घेतलं त्यानं अंगावर, मामाजी. काल तर चांगला होता.”

ते खाली बसले. डोळ्यांतून पाणी यायला लागलं. मग त्यांनी हळूच छातीवर हात ठेवला, आणि त्यांचा चेहरा — कसं सांगू — पास झालेल्या मुलासारखा उजळला. मला वाटलं होतं फार तर उसासा टाकतील. त्यांनी ते खरं मानलं. प्रत्येक गोष्ट बोट बुडवून बघणाऱ्या माणसानं माझं एक वाक्य न तपासता घेतलं. मी हादरले. झारा हातात तसाच.

“मग आता नागपूरले कायले जाऊन राह्यलो आपण?” ते म्हणाले.

तेव्हा तरी बोलायचं ना? मी पोहे वाढले.

नवरा तेव्हा मंचेरियलला नोकरीला, शनिवार-रविवार घरी. फोनवर बापलेकांचं भांडण झालं. मामाजी हसून सांगत होते, माझ्यावरचं गेलं, सूनबाईले विचार. नवऱ्यानं फोन मला द्यायला सांगितला. म्हणाला, तू विज्ञान शिकवतेस, तू तरी समजाव. मी म्हटलं, ऐकत नाहीत हो. रिझर्वेशन रद्द झालं.

त्यानंतरचे दिवस ते फार आनंदात होते. तेच मला सगळ्यात असह्य होतं. दोनदा जेवण मागून घ्यायचे. कापूस बाजारापर्यंत पायी जाऊन यायचे, ओळखीच्यांना थांबवून तहसीलदाराची गोष्ट सांगायचे, आपल्या जिवाचा सौदा माशानं केला म्हणायचे. मी रोज ठरवायची, आज सांगते. जिना चढताना धापा टाकत मध्येच थांबलेले दिसले तरी सांगितलं नाही. तिसऱ्या आठवड्यात, अंगणात आपलं धोतर वाळत घालताना ते पडले. दवाखान्यात पोचायच्या आधीच गेले. ज्यांनी चिठ्ठी लिहिली होती ते डॉक्टर नवऱ्याला म्हणाले, त्या शुक्रवारी गेले असते तर वाचले असते. मी शेजारी उभी होते.

पुढच्या जूनमध्ये माझी शहरात बदली झाली. ती सहशिक्षिका म्हणाली, बघ, लाल मासे.

पॅरट घरातच राहिले. नवरा त्यांना काढू देईना — बाबांची टाकी, बाबांचे मासे. आलेल्या-गेलेल्याला तो दाखवतो आणि म्हणतो, शिकलेला माणूस, आयुष्यभर पुरावा मागणारा, पण शेवटी अंधश्रद्धेनं गेला. कधी चिडून म्हणतो, कधी डोळे भरून येतात त्याचे. मी चहा आणते. सहा वर्षं माझ्या नवऱ्याला मी त्याच्याच मेलेल्या बापाला मूर्ख म्हणू दिलं आहे. मामाजींना मारलं त्यापेक्षा हे मोठं की लहान, मला ठरवता येत नाही. रोज सकाळी त्या दोघांना दाणे टाकते. मी जवळ गेले की अजूनही काचेवर धडक देतात.

मागच्या रविवारी त्यातली मादी मेली. कुणी चावलं नाही, वय झालं होतं. नवऱ्याला गेल्या महिन्यात बीपी निघालं, गोळ्या सुरू आहेत. माझी मुलगी अकरा वर्षांची आहे. तेव्हा पाच वर्षांची होती आणि स्वयंपाकघराच्या दारात बसून पोह्यांची वाट बघत होती. ती टाकीपाशी आली आणि म्हणाली, “आई, आता बाबांचं गेलं ना? मग गोळ्या कायले खातात ते?”

मी म्हटलं, “नाही गं. मासा कुणाचं काही घेत नाही. मासा म्हातारा झाला आणि मेला. बाबांनी गोळ्या खायच्याच.”

नवरा पेपर वाचत होता. मान वर न करता म्हणाला, “हे माझ्या बाबांले सांगायला पाहिजे होतं कोणी.”

मी मासा गाळणीनं काढला आणि कढीपत्त्याखाली नेऊन पुरला. खणताना आधीच्या माशाचं काही हाती लागलं नाही. घरात आले तेव्हा त्यानं पेपरचं पान उलटलं होतं. मी हात धुतले आणि चहा ठेवला.