शकू कॅमेऱ्याशी बोलली

शकू गेली तेव्हा मी औषधाच्या दुकानात उभी होते. फोन आला तो स्नेहलचा. "अक्का, लवकर या," एवढंच म्हणाली. चपला हातात घेऊन मी चाकूरच्या गल्लीतून पळत आले... दारातून दिसलं ते हे, की माझ्या धाकट्या बहिणीचा हात त्या नांदेडच्या पोरीच्या हातात होता. रडू नंतर आलं, आधी राग आला. दोन महिने झाले, हे लिहिताना तो तसाच वर येतो. राग कसला, जळफळाटच तो.

शकू माझ्याहून सहा वर्षांनी लहान. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. शिवणक्लास चालवून तिनं अर्ध्या चाकूरच्या मुलींना ब्लाउज बेतायला शिकवलं. पोटातली गाठ आवरेना आणि लातूरच्या डॉक्टरांनी हात टेकले, तेव्हा म्हणाली, "आता दवाखाना बास. मी माझ्या घरी जाणार." यजमानांना लातूरला ठेवून मी तिच्याकडे राहायला गेले. त्याच सुमारास नांदेडहून स्नेहल आली. लहानपणी एका सुट्टीत ती शकूकडे शिवण शिकली होती. घरीच शेवट व्हावा म्हणणाऱ्या माणसांवर तिला माहितीपट करायचा होता. शकूनं मला न विचारताच हो म्हटलं.

शकूचं अंग पुसणं, पेज भरवणं, चादरी धुणं माझ्याकडे. बोलणं मात्र स्नेहलशी. ती कॅमेरा लावायची, शकू केस नीट करून पाठीमागे उशी घ्यायची आणि दुपारभर दोघींची कुजबुज चालायची. मी आत गेले की गप्प. एकदा न राहवून विचारलं, "एवढं काय बोलायलात गं?" शकू म्हणाली, "काही न्हाई, अक्का." साठ वर्षांची ओळख माझी, आणि मला "काही न्हाई"! त्या दिवशी मी पोरीला चहासुद्धा विचारला नाही.

गेल्या आठवड्यात नांदेडला तो माहितीपट दाखवला. यजमान आणि मी गेलो. पडद्यावर शकू सांगत होती, "आमच्या लिंगायतांत बसवून पुरतात. पडून पडून पाठ सोलली माझी, तिथं तरी बसायला मिळंल." सगळं सभागृह हसलं. मी हसले नाही. इतक्या वर्षांत माझ्याजवळ ती असं कधी बोलली नव्हती.

मग पडद्यावर मी आले. शकू म्हणत होती, "अक्का, मी गेल्यावर माझ्या मशिनी..." आणि मी लगेच, "उगं काहीबाही बोलू नको. बरी होशील तू. दूध उतू जातंय," म्हणत बाहेर. असं तीनदा. तिसऱ्या वेळी दुधाचंही निमित्त नव्हतं, नुसता दाराचा पडदा सारखा करून मी निघून गेले होते. दर वेळी कॅमेरा शकूच्या चेहऱ्यावर राहिला होता. ती दाराकडे बघायची आणि मग स्नेहलकडे वळायची.

सभागृहाबाहेर अनोळखी बाया आपापल्या घरातल्या मरणांविषयी मोठ्यानं बोलत होत्या, लग्नाविषयी बोलावं तशा. मी स्नेहलला बाजूला घेतलं. "शेवटचं का नाही दाखवलंस?"

"कॅमेरा बंद केला होता, अक्का. शकूमावशींचा हात धरायला दोन्ही हात लागले."

तिच्यावर ओरडावं म्हणून गेले होते. ओरडता आलं नाही. पण खरं सांगते, मत्सर गेला नाही, उलट वाढला.

दुसऱ्या दिवशी सकाळी लातूरच्या घरी यजमान पेपर बाजूला ठेवून म्हणाले, "उद्या मला असं दुखणं आलं तर काय करायचं, ते सांगून ठेवू का?" माझ्या तोंडावर आलंच होतं, उगं काहीबाही बोलू नका. मी गॅस बंद केला आणि त्यांच्यासमोर बसले. ते तासभर बोलले. नळ्या लावायच्या नाहीत, कुणाकुणाला कळवायचं, धाकट्या भावाशी अबोला आहे तो त्याआधी मिटवायचा... बोलता बोलता त्यांचा आवाज मोकळा होत गेला. मी एकदाही उठले नाही. आणि ऐकताना मनात एकच येत राहिलं, असे किती तास त्या पोरीला शकूजवळ मिळाले असतील...