विहिरीकडची वाट

वडील खालच्या कोर्टात जिंकले आणि काकांचं अपील चालू असताना वारले. मी एकुलती एक, मंचरला शाळेत शिकवते. वारस म्हणून वडिलांच्या जागी माझं नाव लागलं आणि निमगाव सावाच्या रानाबरोबर भांडणही माझ्याकडे आलं.

भांडण वाटेचं होतं. सामाईक विहीर आमच्या रानात, काकांचं रान तिच्या मागे. काका म्हणायचे, वडिलांच्या बांधाकडेनं वाट आहे. वडील म्हणायचे, नाही. वाट सगळ्यांना दिसायची. वडीलही तिच्यावरूनच चालायचे.

अपिलाच्या तारखा राजगुरुनगरला पडत. मी पहिल्यांदा गेले तेव्हा काका काळा चष्मा लावून व्हरांड्यातल्या बोर्डासमोर उभे होते. मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं. कित्येक वर्षांत आम्ही बोललो नव्हतो. मला ओळखल्यावर ते म्हणाले, "बाई, आपला नंबर कितवा हाय बघ."

एकतिसावा होता. सावलीत बाकडं एकच होतं, म्हणून दोघं त्यावर बसलो. वडिलांना शेवटी फार त्रास झाला का, असं त्यांनी विचारलं. मी सांगितलं, त्रास नव्हता, पण काकांनी वाटेवर मुरूम टाकला का, हे ते रोज विचारायचे.

"टाकणार व्हतो," काका म्हणाले.

मग म्हणाले, "तुझा बाप असता तर मी मरस्तोवर लढलो असतो. तुझ्याशी काय भांडू? तुझं माझं कायबी न्हाई."

मला जरा अपमान झाल्यासारखं वाटलं. पण पुढच्या प्रत्येक तारखेला रजा टाकावी लागणार होती. मी म्हटलं, मग मिटवू या. दोघांच्याही वकिलांनी आम्हाला वेगवेगळं गाठून सांगितलं की आपली बाजू भक्कम आहे, घाई करू नका.

रविवारी रानात टेप घेऊन उभे राहिलो. काकांनी दहा फूट रुंद वाट मागितली. मी आठ म्हटलं. त्यांनी थोडं कुरकुरत मान्य केलं आणि टेपचं दुसरं टोक धरलं. घरी येऊन मी मूळ दावा पहिल्यांदाच नीट वाचला. त्यात त्यांनी सहा फूट मागितली होती. मी फोन केला नाही.

तडजोडपत्र दाखल झालं त्या दिवशी न्यायाधीशांनी दोघांना समोर बोलावलं. मजकूर मान्य आहे का, कोणाचा दबाव आहे का, असं विचारलं. मजकूर मान्य आहे, दबाव नाही, असं मी म्हटलं. काका म्हणाले, "दबाव व्हता साहेब. तो वारला."

न्यायाधीशांनी कागदावरून मान वर केली आणि प्रश्न पुन्हा विचारला. या वेळी काका नुसतं "न्हाई" म्हणाले. तेवढंच लिहून घेतलं गेलं. बाहेर आल्यावर त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. ऑपरेशनमुळे पाणी येतं, म्हणाले. ऑपरेशनला तोवर चार महिने झाले होते.

आता गावी गेले की मी काकूंकडेच जेवते. वडिलांना हे मुळीच आवडलं नसतं. काकांनाही ते ठाऊक आहे, पण जेवताना ते काकूंना मला आग्रह करून वाढायला लावतात.