नळाखालची लेकुरवाळी

माह्या पोरीच्या ओठातून बारीक करडे पाय हालून राह्यले होते. नांदुऱ्याच्या बसस्टँडवर मी बाटली भरत होती, तेवढ्यात तिनं नळाजवळच्या ओल्या दगडाखालचा किडा तोंडात टाकला. मले वाटलं गोचीड हाय. बैलाची गोचीड आमी तंबाखूच्या पाण्यानं काढतो, म्हून मी पोरीले उचलून तंबाखू मांगत पळत सुटली.

कोकणातून सुकट विकाले आलेल्या बाईनं माहा पदर धरला. "तंबाखू मिळाली तर मला दे," म्हणे. पोरीच्या तोंडात बोट घालून तिनं किडा काढला, तळहातावर उलटा केला, हळूच फुंकर मारली.

"चावत नाय गो. हिची थोरली बहीण आमच्याकडं समुद्राच्या खडकांत धावते, बोटाएवढी. भरतीत बुडाली तरी मरते, उन्हात सुकली तरी मरते."

किड्याच्या पोटाखाली ओली पिशवी होती, तिच्यात पांढरी पिलं.

"बघ, तुझ्यासारखीच पोरं घेऊन फिरते. ठेव जा दगडाखाली, नायतर सुकंल."

तिकडं आमच्या बसच्या कंडक्टरनं घंटी मारली. मी पोर कडेवर घेऊन नळाकडं पळाली, किडा ओल्या दगडाखाली ठेवला. मांगं पाह्यलं तं बस गेली होती.

आता सासू इचारते, बस काऊन चुकली. तुमीच सांगा, तुमी काय केलं असतं?