देवीला दिलेलं तोंड

आमच्या गल्लीत एक मूर्तिकार हाये. एका साली नवरात्राची देवी घडवायला त्यानं समोर बसवली टेलरची पोरगी. तिची आई पहाऱ्याला, मटकी निवडत. तरी दोघांचं जमलंच. गडी मातीकडं कमी अन् पोरीकडं जास्त बघून राह्यला. माझी बायको त्याला म्हणली, "बाबा, नाक झालं असंल तर हात चालव. देवी काय शिमग्याला बसवायची का?"

देवी बसली. हुबेहूब पोरगी. सारं गाव नऊ दिवस पाया पडलं. मूर्तिकाराच्या आईनं ओटी भरली, बापानं लोटांगण घातलं. हा खुशीत, घरच्यांना सून पसंत पडली म्हणून!

दसरा झाल्यावर बाप मागणी घालायला निघाला, संगट मी गेल्तो. टेलरनं चहा पाजला अन् म्हणला, "पाव्हणं, नऊ दिवस जिच्यापुढं आडवे पडले, तिला आता भांडी घासाय लावता का?"

बाप अर्धा चहा तसाच ठेवून उठला. घरी येऊन पोराला म्हणला, "तिला बघितलं की माझे हात जुळतात. तिच्या हातची भाकर कशी खाऊ?"

"मातीचं तोंड हाये ते!" पोरगा बोंबलला. पण तवर देवी तळ्यात गेल्ती अन् पोरगीच देवी झाल्ती.

माझी बायको म्हणली, "येड्या, मारुतीसाठी बसवायची होती. शेंदराखाली कुणी वळखली नसती."

पोरगी अंकुशनगरला दिली. नवरा कारखान्यात. त्यानं देवी बघितलीच न्हाई, म्हणून संसार बराबर चालला. हा मात्र बिनलग्नाचाच राह्यला.

औंदा माझी बायको गेली. फोटू एकच, आधार कार्डावरचा. त्यात ती जितेपणीच मेल्यावानी दिसती. मी तो मूर्तिकाराला दिला. म्हणलं, "भिंतीला लावायला मुखडा कर. गोंदण दाखव, पडके दात दाखव. बिलकुल लाजू नको."

त्यानं आणून दिला. गोंदण बराबर, सुरकुत्या बराबर. अन् नीट बघतो तं टेलरची पोरगी, म्हातारी झालेली!

"अरे, ही कोण?"

"काकू," म्हणला. नजर जमिनीवर.

परत द्यायला मन झालं न्हाई. गोंदण तर माझ्याच बायकोचं हाये. भिंतीला लावलाय. आता हा रोज सांजच्याला येतो. "काका, बसू का जरा?" मी चहा टाकतो. एका तोंडापुढं दोघं रंडके बसतो, अन् त्यातल्या एकाचं तर लगीनबी झालेलं न्हाई.