देवीच्या फुलांवरचा टमाटा

तुळजापूरचे नारायणराव तहसिलीत कारकून होते. निजामाच्या राज्यात उर्दू दप्तर, विलीनीकरणानंतर मराठी. पण दोन्ही भाषांत ते कुणाला कधी टाकून बोलले नाहीत. असा हा देवमाणूस निवृत्त झाल्यावर मात्र रोज संध्याकाळी परसात वाकून अळ्यांवर खेकसायला लागला.

कारण टमाटे. त्यांच्या घरात टमाटा कधी आलाच नव्हता. "मांसासारखा दिसतो, सोवळ्यात चालत न्हाई," असं आई म्हणायची. आई गेली, नियम राहिला. पण त्यांच्या पत्नी वनमालाबाई मोठ्या तापातून उठल्या त्या तोंडाची चव घालवूनच. दोन घासांवर उठायच्या. दिवसेंदिवस वाळत चालल्या. एकदा दुपारच्या गुंगीत म्हणाल्या, "लहानपणी मामाकडं टमाट्याची कोशिंबीर खाल्ली होती. अजून वास येतो हो." पस्तीस वर्षांच्या संसारात बाईनं तोंडानं मागितलेलं हे पहिलंच. नारायणरावांनी रोपं लावली.

फळं धरली, आणि दसरा झाल्यावर एकेका फळाला देठाशी भोक दिसू लागलं. फोडावं तर आत हिरवी अळी, भोवती ओली घाण. काही तर डोकं आत खुपसून, बूड बाहेर ठेवून निवांत जेवत होत्या. एकही फळ वाचलं नाही.

दूध घालायला येणाऱ्या सारजाबाई कुळवाड्याच्या घरच्या. त्या म्हणाल्या, "अण्णा, ही तर हरभऱ्यावरची घाटेअळी. इतके दिवस तुमच्या झेंडूवर जगत व्हती. तुमी समदी फुलं खुडली, मग तिच्या पाखरानं अंडी कुठं घालावी? टमाट्यावरच की."

झेंडू देवीचा. नवरात्रात परसातल्या फुलांची माळ न्यायची, ही या घराची चार पिढ्यांची रीत. पुढच्या वर्षी नारायणरावांनी टमाटे पुन्हा लावले, पण नवरात्रात झेंडूला हात लावला नाही.

"देवीची फुलं अळ्यांना घालता?" वनमालाबाईंना रडू आलं.

"तिच्याशी मी बोलतो," ते म्हणाले, आणि रिकाम्या हातांनी देवळात जाऊन मागेच उभे राहिले. मान वर करायची त्यांना लाज वाटली.

दसऱ्यानंतर देवी पलंगावर निजली, पौर्णिमेपर्यंतच्या तिच्या दरवर्षीच्या श्रमनिद्रेला. ते पाच दिवस गावच पेंगुळल्यासारखं होतं. नारायणराव उन्हं कलली की झेंडूचं एकेक फूल उघडून अळ्या वेचत, साबणाच्या पाण्यात टाकत. टमाट्याची पानं उलटून बघत, भोक पडलेलं फळ खड्ड्यात पुरत. फुलांचा उग्र वास बोटांना बसायचा, डोळे जड व्हायचे, आणि हिरव्या पानांत काही फळं हळूहळू तांबूस व्हायची. त्यांना वाटायचं, देवी झोपेतूनच बघते आहे. रागावली असेल का, एवढंच कळत नव्हतं.

पौर्णिमेला देवी उठली. त्या सकाळी पहिलं पिकलेलं फळ त्यांनी वनमालाबाईंच्या हातात ठेवलं. त्यांनी ते कितीतरी वेळ नाकाशी धरलं. मग विळीवर दोन भाग केले. आत अळीचा मागमूस नव्हता. एक भाग त्यांनी नैवेद्याच्या वाटीत ठेवला.

"अगं, सोवळ्यात चालत नाही ना?"

"फुलं तिची घेतली. फळ मी एकटीनं खाऊ व्हय?"

नैवेद्य झाला. उरलेल्या अर्ध्यात दाण्याचं कूट आणि मीठ घालून त्या खायला बसल्या. वाटी संपली, बोटंही चाटून झाली. नारायणराव दारात उभे होते. आत जायचा धीर होत नव्हता.

"अहो," वनमालाबाई म्हणाल्या, "थोडा भात वाढता का?"