दत्तूची पुसलेली टेप

सायखेड्याचा दत्तू कमानकर विनोदी सिनेमे काढून सीडीवर विकायचा, आणि चक्क नफा कमवायचा. गर्दीच्या सीनमध्ये तो अख्खं गाव उभं करायचा, मग स्वतःला बघायला घरोघरी सीडी घेतली जायची. पुढच्या सिनेमाला तो तीच टेप पुसून वापरायचा.

"अरे कंजूष, टेप तरी नवी आण!" कॅमेरा धरून मी ओरडायचो.

कावीळ होऊन त्याची बायको सिंधू गेली. जगाचे चेहरे टिपणाऱ्याच्या घरात तिचा एकच फोटो, लग्नातला, मान खाली घातलेला.

दत्तू म्हणाला, "पहिल्या सिनेमात ती लय हसली होती. सीन बिघडला म्हणून मी कापला. टेपवर असंल ना?"

मी टेप लावली. टेपवर आता पाचव्या सिनेमाची गर्दी दात काढून हसत होती.

त्या गर्दीतही दत्तू तिलाच शोधत राहिला.